स्टुडिओतून गावात परतणाऱ्या माणसाचे काय?

काही वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. जातीय अत्याचारात तरुण मुलगा गमावलेल्या, विदर्भातल्या एका खेड्यातल्या मावशींना मी एका वाहिनीच्या दुपारच्या चर्चेच्या कार्यक्रमाला घेऊन गेलो होतो. वाहिनीचा फोन आला तेव्हा मला आनंदच झाला होता. केस दडपली जात होती, तपास रखडला होता. टीव्हीवर आले की यंत्रणा हलेल असे वाटले. मावशी पहाटेच्या एसटीने निघून गणेशपेठ बसस्थानकावर उतरल्या. दीक्षाभूमीवर येताना नेसतात ती पांढरी साडी त्यांनी नेसली होती आणि पदरावर बाबासाहेबांचा बिल्ला लावला होता.

स्टुडिओत पहिली सूचना आली ती बिल्ल्याची. "मावशी, हा काढून ठेवा, कार्यक्रम राजकीय वाटेल." मावशींनी माझ्याकडे पाहिले. मी मान हलवली. त्यांनी बिल्ला काढून पिशवीत टाकला.

मग दिवे लागले आणि प्रश्न सुरू झाले. बातमी कळली तेव्हा तुम्ही काय करत होतात? मुलाला पाहिले तेव्हा काय वाटले? त्याची कोणती आठवण सगळ्यात जास्त येते? "त्या क्षणी काय वाटले" हा एकच प्रश्न शब्द बदलून पाच वेळा विचारला गेला. पाचव्या वेळी मावशी कोसळल्या. कॅमेरा जवळ गेला, मागे सनई-सारंगीसारखे काहीतरी वाजले आणि जाहिरात लागली. गुन्हा कोणत्या कलमांखाली नोंदवला, तपास पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडे आहे की नाही, विशेष सरकारी वकील मिळाला का, आरोपी जामिनावर सुटून गावात फिरतात का, यातला एकही प्रश्न आला नाही. मी मध्ये बोलायचा प्रयत्न केला, पण वेळ संपली होती.

कार्यक्रम संपल्यावर गावाकडची शेवटची एसटी निघून गेलेली होती. मावशी इंदोऱ्यात आमच्याच घरी राहिल्या. रात्री जेवताना म्हणाल्या, "भाऊ, त्या बाईनं मले रडाले लावलं, पन माह्या केसचं तं काहीच नाही इचारलं. आता गावात गेल्यावर मी काय सांगू?"

गावात गेल्यावर त्यांना काही सांगावे लागलेच नाही. गावाने कार्यक्रम पाहिला होता. "टीव्हीवर जाऊन गावाची बदनामी केली" म्हणून पिठाच्या चक्कीवर त्यांचे दळण घेणे बंद झाले. दुकानदार उधारी देईना. त्या महिन्यात वाहिनीतून एकही फोन आला नाही. मी केलेल्या फोनवर सांगण्यात आले की तो विषय आता झाला.

हे सगळे वाहिनीच्या माथी मारून मी मोकळा होऊ शकतो. पण मावशींना तिथे नेणारा मी होतो आणि बिल्ला काढायला मान हलवणाराही मीच होतो. म्हणून हा लेख जितका त्यांच्याविषयी आहे तितकाच आपल्याविषयी आहे.

कायद्याला जे कळले ते वाहिन्यांना कळत नाही

अ‍ॅट्रॉसिटी कायद्यात २०१५ साली दुरुस्ती झाली आणि २६ जानेवारी २०१६ पासून ती अमलात आली. त्यात पीडित आणि साक्षीदारांच्या हक्कांसाठी कलम १५-अ हे स्वतंत्र कलम घातले गेले. आपल्या कार्यकर्त्यांनी ते पाठ करावे असे आहे. पीडिताला सन्मानाने वागवले पाहिजे, त्याचे वय, लिंग, शिक्षणाचा अभाव आणि गरिबी लक्षात घेऊन वागवले पाहिजे, असे हे कलम सांगते. त्याला आणि साक्षीदारांना संरक्षण, तपास आणि खटल्याच्या काळात प्रवास व निर्वाहाचा खर्च, पुनर्वसन, गरज पडली तर दुसरीकडे राहण्याची सोय या सगळ्याची जबाबदारी त्यात राज्यावर टाकली आहे. सामाजिक आणि आर्थिक बहिष्काराची नुसती धमकी देणे हासुद्धा त्याच दुरुस्तीने स्वतंत्र गुन्हा झाला.

याचा अर्थ काय? बोलायला उभा राहिलेला दलित माणूस बोलून झाल्यावर पुन्हा त्याच गावात, त्याच विहिरीवर, त्याच चक्कीवर जाणार आहे हे कायद्याला माहीत आहे. त्याला तिकीट लागते, जेवण लागते, सोबत लागते, बोलल्याचे परिणाम त्याच्या एकट्याच्या अंगावर येतात हे कायद्याने मान्य केले आहे. अंमलबजावणी किती होते हा वेगळा प्रश्न. पण निदान कागदावर तरी राज्य म्हणते की साक्षीदार परत कुठे जातो हे पाहणे माझे काम आहे.

आता याच माणसाला वाहिनीच्या स्टुडिओत बसवा. तिथे प्रायोजक आहेत, वातानुकूलित खोली आहे, सूत्रधाराचे मानधन आहे. पाहुण्याच्या वाट्याला मात्र एक कागद येतो, ज्यावर तो सही किंवा अंगठा करतो. बहुतेकदा तो कागद त्याला वाचूनही दाखवला जात नाही. चित्रीकरणाचे सगळे हक्क वाहिनीचे, काय ठेवायचे आणि काय कापायचे ते वाहिनी ठरवणार, ते किती वेळा आणि कुठे दाखवायचे तेही वाहिनीच ठरवणार. खटला चालू असलेल्या माणसाच्या तोंडून कॅमेऱ्यासमोर निघालेले एखादे वाक्य उद्या उलटतपासणीत आरोपीच्या वकिलाच्या हाती लागू शकते, हे त्याला कोणी सांगत नाही. पोलिसांसमोर एक सांगितले आणि टीव्हीवर दुसरे, एवढा फरकही खटला कमकुवत करायला पुरतो. वाहिनीला पाच मिनिटांचे अश्रू मिळतात, पाहुण्याला पाच वर्षांचा खटला भोगावा लागतो.

रविवार सकाळचे अकरा आणि कापलेले बाबासाहेब

कोणी म्हणेल की सगळेच कार्यक्रम असे नसतात. बरोबर आहे. म्हणून मी वाईट कार्यक्रम बाजूला ठेवून चांगल्या कार्यक्रमाचे उदाहरण घेतो. ६ मे २०१२ पासून रविवारी सकाळी अकरा वाजता 'सत्यमेव जयते' सुरू झाला. स्टारच्या वाहिन्या आणि दूरदर्शन दोन्हीवर, मराठीसह अनेक भाषांत. आमिर खानसारखा सूत्रधार. ८ जुलै २०१२ चा भाग अस्पृश्यतेवर होता. हरियाणातून आलेल्या, वाल्मीकी समाजातल्या, दिल्लीत संस्कृतच्या प्राध्यापक असलेल्या कौशल पंवार तिथे बोलल्या. सफाई कर्मचारी आंदोलनाचे बेझवाडा विल्सन बोलले. स्टॅलिन के. यांच्या माहितीपटातली दृश्ये दाखवली गेली. रविवारी सकाळी करोडो घरांत जातीचा विषय शिरला. त्यानंतर मैला वाहून नेण्याच्या प्रथेच्या प्रश्नावर आमिर खान पंतप्रधान मनमोहन सिंगांना भेटले. आणि २०१३ साली त्या प्रथेविरुद्ध नवा कायदा झाला. तो विल्सन आणि त्यांच्या साथींच्या अनेक वर्षांच्या लढ्याचे फळ होता, पण कार्यक्रमाने त्या लढ्याला आवाज दिला हे नाकारण्यात अर्थ नाही. अपमानासाठी पाहुणे बोलावणारा हा कार्यक्रम नव्हता.

तरीही आंबेडकरी वर्तुळातून त्या भागावर जोरदार टीका झाली आणि ती योग्य होती. अस्पृश्यतेवरच्या तासाभराच्या कार्यक्रमात बाबासाहेबांना त्यांच्या तोलाची जागा नाही, हे कसे घडू शकते? पाहुण्यांच्या जखमा ठेवल्या गेल्या, पण त्या जखमांवरचे औषध ज्याने दिले त्याचे विचार बाजूला राहिले. प्रेक्षकाला रडू आले, सूत्रधाराचे डोळे पाणावले, आणि शेवटी हृदयपरिवर्तनाची भाषा उरली. जातीचे निर्मूलन ही बाबासाहेबांची मागणी हृदयपरिवर्तनावर थांबत नाही. ती धर्मशास्त्रांना हात घालते, जमिनीला, सत्तेला हात घालते. हे सगळे वगळले की जात हा कोणाचाच गुन्हा राहत नाही, ते फक्त एक दुःख होते. दुःखाला आरोपी नसतो. म्हणून प्रायोजकालाही ते परवडते.

माझ्या मावशींचा बिल्ला आणि त्या भागातून गायब झालेले बाबासाहेब यात मला एकच हात दिसतो. एक स्टुडिओ लहान, एक मोठा. एकाचा हेतू साधारण, दुसऱ्याचा चांगला. पण पाहुण्याच्या कहाणीतून त्याचा विचार काढून घ्यायचा आणि वेदना ठेवायची, ही रीत दोन्हीकडे सारखीच.

नागपूरकरांना हे समजायला दूर जायची गरज नाही. संस्कृत शिकलेल्या दलित स्त्रीची कहाणी आपल्याला कौशल पंवार यांच्या आधी तीस वर्षे कुमुद पावडे यांनी सांगितली होती. 'अंतःस्फोट' १९८१ साली आले. संस्कृत शिकण्याच्या वाटेवरचा उपहास, संस्कृत येत असूनही जातीमुळे नाकारले जाणे, हे सगळे त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिले. काय सांगायचे, काय झाकायचे, कुठे थांबायचे आणि त्यातून निष्कर्ष कोणता काढायचा, हे चारही निर्णय त्यांचेच होते. दया पवारांचे 'बलुतं', बेबी कांबळे यांचे 'जिणं आमुचं', उर्मिला पवार यांचे 'आयदान' या सगळ्यांत वेदना कमी आहे का? उलट टीव्हीवर कधीच येणार नाही इतकी आहे. पण ती वाचताना वाचक त्या माणसाची कीव करत नाही, त्याच्यासमोर स्वतः आरोपी म्हणून उभा राहतो. याचे कारण कहाणीची मालकी. आत्मकथनात ती सांगणाऱ्याकडे असते, स्टुडिओत ती कात्री चालवणाऱ्याकडे जाते.

माणूस मेला तेव्हा वेळ बदलली

हा आजार आपल्याकडचाच आहे असे नाही. अमेरिकेत 'जेनी जोन्स शो' नावाचा दिवसा लागणारा कार्यक्रम होता. मार्च १९९५ मध्ये त्यात एका पाहुण्याला काही न सांगता आणले गेले. एका पुरुषाने सगळ्यांसमोर त्याच्यावरचे आपले आकर्षण व्यक्त केले. तीन दिवसांनी अचानक बोलावलेल्या त्या पाहुण्याने दुसऱ्याचा गोळी घालून खून केला. ब्रिटनमध्ये २००५ पासून 'जेरेमी काइल शो' रोज सकाळी लागत असे. गरीब, बेरोजगार, व्यसनात अडकलेली कामगार वर्गातली माणसे बोलवायची, त्यांची भांडणे लावायची, खोटे पकडण्याचे यंत्र लावून निकाल द्यायचा. मँचेस्टरच्या एका न्यायाधीशाने २००७ सालीच त्याची तुलना जुन्या काळातल्या अस्वलावर कुत्रे सोडण्याच्या खेळाशी केली होती. कार्यक्रम पुढे बारा वर्षे चालला. मे २०१९ मध्ये त्या यंत्राने खोटे ठरवलेला एक पाहुणा चित्रीकरणानंतर काही दिवसांत मृतावस्थेत सापडला, तेव्हा कुठे तो कायमचा बंद झाला. संसदेच्या समितीने चौकशी केली. आणि एप्रिल २०२१ पासून तिथल्या प्रसारण नियामकाने नियम केला की कार्यक्रमात भाग घेणाऱ्या माणसाच्या कल्याणाची योग्य काळजी घेणे ही प्रसारकाची जबाबदारी आहे, आणि त्यात भाग घेतल्याने कोणते धोके संभवतात हे त्याला आधी सांगितले पाहिजे.

आपल्याकडे काय झाले ते पाहा. २०१० साली 'राखी का इन्साफ' हा कार्यक्रम सुरू झाला. नवरा-बायकोची भांडणे टीव्हीवर सोडवायची. झाशीच्या एका तरुणाला त्यात सगळ्यांसमोर हिणवले गेले आणि त्यानंतर त्याचा मृत्यू झाला. त्या अपमानामुळेच तो गेला असा आरोप कुटुंबाने केला, पोलिसांत तक्रार झाली. त्या नोव्हेंबरमध्ये माहिती व प्रसारण मंत्रालयाने आदेश काढला की हा कार्यक्रम रात्री अकरानंतर दाखवावा.

या आदेशावर थोडे थांबून विचार करा. रात्री अकरानंतर दाखवल्याने कोणाचे संरक्षण झाले? लहान मुले झोपलेली असतात, म्हणजे प्रेक्षकाचे. पाहुण्याचा अपमान रात्री अकरानंतर कमी होतो का? १९९५ च्या केबल टीव्ही कायद्याखालची कार्यक्रम संहिता तुम्ही वाचून पाहा. अश्लीलता, हिंसा, धर्मांवर हल्ला, स्त्रियांची आणि मुलांची मानहानी, असे बरेच काही त्यात आहे. पण तिची नजर पडद्यावर काय दिसते यावर आहे. पडद्यासाठी ज्याला बोलावले, त्याला आधी काय सांगितले आणि नंतर त्याचे काय झाले, याची विचारपूस तिथे नाही.

ब्रिटनमधले पाहुणे वर्गाने गरीब होते. आपल्याकडे त्यात जात मिसळते. तिथला माणूस लाजेने मोडला तर निदान दुसऱ्या शहरात जाऊन अनोळखी होऊ शकतो. आपला माणूस कुठे जाणार? त्याचे आडनाव त्याच्यासोबत जाते.

खैरलांजीचा धडा

इथे आपलेच काही तरुण मित्र विचारतील, मग काय करायचे? कॅमेऱ्यासमोर गेलोच नाही तर आपला आवाज कोण ऐकणार? प्रश्न खरा आहे आणि त्याला टाळून चालणार नाही. त्याचे उत्तर शोधायला आपल्याला भंडाऱ्याला जावे लागते.

२९ सप्टेंबर २००६. मोहाडी तालुक्यातील खैरलांजी. सुरेखा, प्रियंका, सुधीर आणि रोशन भोतमांगे यांची हत्या झाली. ते दिवस आठवा. ऑक्टोबरच्या सुरुवातीला लाखो लोक दीक्षाभूमीवर जमले होते आणि जेमतेम शंभर किलोमीटरवर काय झाले हे त्यातल्या बहुतेकांना माहीत नव्हते. मोठ्या माध्यमांनी आधी मौन पाळले. मग जे छापले त्यात मेलेल्या बाईच्या चारित्र्यावर चिखलफेक होती. कॅमेरे खैरलांजीत आले ते आपोआप आले नाहीत. आपल्या सत्यशोधन समित्यांनी अहवाल काढले, बायका रस्त्यावर उतरल्या, नोव्हेंबरमध्ये नागपूर पेटले, पोरांनी लाठ्या खाल्ल्या, नक्षलवादी असल्याचे आरोप सोसले. त्यानंतर माध्यमांना जाग आली. म्हणजे आपल्याला आवाज कॅमेऱ्याने दिला नाही. आपल्या आवाजामागे कॅमेरा धावत आला.

आणि आल्यावर त्याने काय केले? सगळे माइक एका माणसासमोर धरले गेले. भैयालाल भोतमांगे. बायको, मुलगी आणि दोन मुले गमावलेला, धानाच्या शेतावर जगणारा एक साधा माणूस. त्याने ती रात्र किती वेळा सांगितली असेल? प्रत्येक वर्धापनदिनी, प्रत्येक निकालाच्या दिवशी, नवा अत्याचार झाला की त्याची तुलना करायला पुन्हा एकदा. सप्टेंबर २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने सहा जणांना फाशी आणि दोघांना जन्मठेप दिली. जुलै २०१० मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने फाशी रद्द करून २५ वर्षांची शिक्षा दिली. दोन्ही न्यायालयांनी अ‍ॅट्रॉसिटी कायदा इथे लागू होत नाही असे म्हटले. जातीय अत्याचार नाही! त्या प्रत्येक वेळी भैयालालना विचारले गेले की आज तुम्हाला काय वाटते. २० जानेवारी २०१७ रोजी नागपुरात हृदयविकाराने त्यांचा मृत्यू झाला. त्या दिवशीही बातम्यांत जुनीच दृश्ये फिरली.

आता थोडे स्वतःकडे पाहू. त्यांना व्यासपीठावर बसवणारे कोण होते? आपणही होतो. त्या कुटुंबाच्या मृतदेहांची छायाचित्रे मोठी करून फलकांवर लावणारे, त्यांच्या सीडी वाटणारे आपणच होतो. तेव्हा आपल्याला वाटत होते की जग हे पाहिल्याशिवाय जागे होणार नाही. संताप खरा होता, हेतू स्वच्छ होता. पण प्रियंकाला असे दिसायला आवडले असते का, हे विचारायला आपल्यापैकी किती जण थांबले? मी थांबलो नाही.

पोटच्या पोरीला किती लोकांनी कशा अवस्थेत पाहिले, हे ओझे बापाने वाहिले. आंदोलनाला पुरावा मिळाला. दोन्ही खरे आहे, आणि दुसऱ्या सत्याने पहिले पुसले जात नाही.

बाबासाहेबांनी साक्ष कशी घेतली

आपल्याकडे याबाबत वारसा नाही असे नाही. बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' बहुतेक कार्यकर्त्यांनी वाचलेले असते. लहानपणीचा गोरेगावचा प्रवास, बडोद्यातील पारशी विश्रामगृह, दौलताबादच्या किल्ल्यावरचे पाणी हे प्रसंग आपण भाषणात सांगतो. पण त्यातला शेवटचा प्रसंग फार कमी लोक सांगतात. तो बाबासाहेबांचा स्वतःचा नाही. गुजरातेत तलाठ्याची नोकरी लागलेल्या एका भंगी समाजातल्या तरुणाचा आहे. कचेरीत पाण्यासाठी अपमान, गावात जिवाची धमकी, आणि शेवटी नोकरी सोडून मुंबईला आईवडिलांकडे परतणे. हा तरुण आपला अनुभव ६ मार्च १९३८ रोजी दादरच्या कासारवाडीत इंदुलाल याज्ञिक यांच्या अध्यक्षतेखाली भरलेल्या सभेत स्वतः उभा राहून बोलला होता. बाबासाहेबांनी तो जसाच्या तसा, त्याच्याच तोंडचा म्हणून लिहून ठेवला.

त्यात काय आहे आणि काय नाही ते पाहा. कुठे नोकरी लागली, वरिष्ठ काय म्हणाले, तक्रार केली तर काय झाले, हे सगळे आहे. अश्रू नाहीत. "तेव्हा तुला काय वाटले" हा प्रश्न नाही. तरुण आपल्या माणसांच्या सभेत बोलला, ज्यांना त्याच्या बोलण्याचा अर्थ समजत होता आणि ज्यांच्यावर त्यातून काही करण्याची जबाबदारी येत होती. वाचल्यावर आपल्याला त्या पोराची कीव येत नाही. त्या व्यवस्थेचा राग येतो, आणि ती कशी चालते ते कळते. साक्ष आणि तमाशा यांतला फरक एवढाच आहे. साक्षीत ऐकणारा बांधला जातो, तमाशात बघणारा सुटतो.

३१ जानेवारी १९२० ला 'मूकनायक' निघाला त्यामागे हीच समज होती. आपले गाऱ्हाणे दुसऱ्याच्या पत्रातल्या उरलेल्या जागेत मांडून चालणार नाही.

आता माइक आपल्या हातात आहे

आज परिस्थिती बदलली आहे. आवाज इंडिया आणि लॉर्ड बुद्धा या दोन आंबेडकरी वाहिन्या नागपुरातूनच उभ्या राहिल्या, हे आपल्या समाजाच्या वर्गणीचे आणि जिद्दीचे काम आहे. शिवाय प्रत्येक वस्तीत एखादा यूट्यूब चॅनेल आहे, प्रत्येक कार्यकर्त्याच्या खिशात मोबाइल आहे. म्हणूनच माझे म्हणणे मी आधी आपल्यापाशी मांडतो. घटना घडली की आपणच पहिले पोहोचतो. शवविच्छेदन गृहाबाहेर बसलेल्या आईसमोर आपलाच मोबाइल लाइव्ह सुरू होतो. "माय, सांगा समाजाला काय झालं ते." ती हंबरडा फोडते, पाहणाऱ्यांचा आकडा वाढतो, आणि आपल्याला वाटते की आपण चळवळ केली. मनुवादी मीडियाला शिव्या घालून आपण त्याचीच रीत उचलली तर फरक काय राहिला?

म्हणून माझे काही आग्रह आहेत. प्रत्येक आंबेडकरी वाहिनीने, यूट्यूबरने आणि संघटनेने ते आपल्यापुरते लिहून काढावेत.

पहिला, कायदा. लैंगिक अत्याचारातील पीडितेची ओळख उघड करणे हा गुन्हा आहे. आधी भारतीय दंड विधानाचे कलम २२८-अ होते, आता भारतीय न्याय संहितेचे कलम ७२ आहे. पीडिता मृत असली तरी तिची ओळख जपायची, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१८ मध्ये स्पष्ट केले आहे. बालकांच्या बाबतीत पॉक्सोचे कलम २३ आहे. 'न्याय द्या' म्हणून मुलीचा फोटो स्टेटसला ठेवणारा आपला कार्यकर्ताही यातून सुटत नाही.

दुसरा, वेळ. घटनेच्या पहिल्या काही दिवसांत कुटुंबाला कॅमेऱ्यासमोर आणू नये. त्या दिवसांत गरज असते ती एफआयआरची प्रत वाचून त्यात अ‍ॅट्रॉसिटीची योग्य कलमे लागली आहेत का हे बघणाऱ्या माणसाची. लाइव्ह तर कधीच नको. लाइव्हमध्ये निघालेला शब्द परत घेता येत नाही.

तिसरा, संमती. सही म्हणजे संमती नाही. काय विचारणार, कुठे दाखवणार, आरोपीही ते पाहणार, न्यायालयातही ते जाऊ शकते, हे त्याच्या भाषेत सांगितल्यावर, रात्रभर विचार करू दिल्यावर मिळते ती संमती. दाखवण्याआधी त्याला ते पाहू द्यावे आणि नको म्हणाला तर काढून टाकावे. दोन वर्षांनी नको म्हणाला तरी काढावे.

चौथा, प्रश्न. "काय वाटले" हा प्रश्न बंद. "काय हवे आहे" हा प्रश्न सुरू. पीडित कुटुंबाच्या मागण्या कार्यक्रमाच्या पहिल्या मिनिटात आल्या पाहिजेत. भावना सांगायच्या असतील तर तो स्वतः सांगेल.

पाचवा, परतीचा प्रवास. येण्याजाण्याचा खर्च, सोबत एक माणूस, शक्य तर बाईसोबत बाई. कार्यक्रमानंतर आठवड्याने, महिन्याने, तीन महिन्यांनी फोन. गावात त्रास सुरू झाला तर बहिष्काराची तक्रार नोंदवायला सोबत जाणे. एवढे करायची तयारी नसेल तर त्या माणसाला बोलावू नये.

मोठ्या वाहिन्यांसाठी हेच नियम सरकारने कार्यक्रम संहितेत घालावेत अशी मागणी आपण केली पाहिजे. पण ती करताना आपले हात स्वच्छ हवेत.

कोणी म्हणेल, इतके नियम पाळत बसलो तर बातमी शिळी होईल. होऊ द्या. खैरलांजीची बातमीही महिनाभर उशिरा देशाला कळली, तरी ती शिळी झाली नाही. शिळा होतो तो माणूस, ज्याला आपण एकदा वापरून विसरतो.

त्या मावशींविषयी एक शेवटची गोष्ट सांगून थांबतो. वर्षभराने संविधान चौकात धरणे होते. त्या आल्या. मी विचारले, बोलणार का? म्हणाल्या, "बोलतो ना. पन मले कोनी काही इचाराचं नाही." पांढरी साडी, पदरावर बिल्ला. चार मिनिटे बोलल्या. गुन्ह्याचा नंबर सांगितला, तपास अधिकाऱ्याचा हुद्दा सांगितला, थकलेल्या मदतीचा हप्ता सांगितला, तीन मागण्या मांडल्या. कोणी रडले नाही. आमच्यातल्या एका पोराने मोबाइल काढला तेव्हा आधी त्यांच्याकडे पाहून विचारले, "मावशी, काढू का?" त्यांनी थोडा विचार केला आणि म्हणाल्या, "मागन्या तेवढ्या काढ."

जय भीम! जय संविधान!